शीव म्हणजे हद्द : दोन मर्यादांच्या मधल्या संख्येची गोष्ट



आजच्या विषयाची सूचना लागली तेव्हा दोन-तीन ओळखीच्या मंडळींनी आम्हाला विचारलं, "सर, तुम्ही तत्त्वज्ञानाचे. 'एका चलातल्या संयुक्त रेषीय असमानता' हा नववी-दहावीतला विषय तुमच्याकडे कसा आला? आणि तोही इथे, शीव कोळीवाड्यात?" प्रश्न रास्त आहे. आम्ही आयुष्यभर तर्कशास्त्र शिकवलं, गणित नाही. पण या दोन शास्त्रांच्या बांधावर काही शब्द उभे आहेत, 'आणि', 'किंवा', 'पर्यंत', 'पासून'. दिसायला किरकोळ. पण त्यांच्यावरून इतिहासात भांडणं झालेली आहेत आणि त्यातलं एक भांडण आपण बसलो आहोत त्याच जमिनीवरून झालेलं आहे. ते आज सांगायचं आहे.

सुरुवात गावाच्या नावापासून करू. शीव म्हणजे काय? गावाकडे अजून म्हणतात, "आमच्या गावाची शीव ओढ्यापाशी संपते." शीव म्हणजे सीमा, हद्द. इंग्रजीत त्याचं 'सायन' झालं. जेरुसलेमच्या झायन टेकडीवरून हे नाव आलं अशीही एक गोष्ट सांगतात, पण मराठी माणसाला ती पटवून घ्यायची गरज पडत नाही. मुंबईची बेटं जिथे संपत आणि खाडीपलीकडे साष्टी सुरू होई, तिथलं हे गाव. परळच्या बेटाचं उत्तर टोक. शिवेवरचं म्हणून शीव.

आता असमानता म्हणजे तरी काय? हद्दच. 'क्ष ही संख्या ५ पेक्षा मोठी आहे' असं म्हटलं की संख्यारेषेवर एक शीव पडली. आणि संयुक्त असमानता म्हणजे एका जागी दोन शिवा: 'क्ष हा ५ पेक्षा मोठा आणि ९ पेक्षा लहान', किंवा 'क्ष हा ५ पेक्षा लहान किंवा ९ पेक्षा मोठा'. पहिल्यात क्ष दोन शिवांच्या मध्ये आहे, दुसऱ्यात दोन्हींच्या बाहेर. विषय एवढाच. बाकी त्याची कारागिरी.

ओहोटीला चालत जाता येतं

१६६१ साली इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स आणि पोर्तुगालची राजकन्या कॅथरीन यांच्या विवाहाचा तह झाला. त्यात मुंबईचं बंदर आणि बेट इंग्लंडला द्यायचं ठरलं. शाळेत आपण 'मुंबई आंदण दिली' एवढंच शिकतो. पण देणारा आणि घेणारा यांच्यात 'मुंबई म्हणजे कुठून कुठपर्यंत' याचा उलगडा झालेला नव्हता. लिस्बन आणि लंडनमध्ये बसलेल्यांनी नाव लिहिलं, शिवा लिहिल्या नाहीत.

परिणाम काय झाला? १६६२ मध्ये इंग्रजांचं आरमार आलं. त्यांचं म्हणणं, साष्टीसुद्धा यातच येते. पोर्तुगीज व्हाइसरॉय अंतोनिओ द मेलो द कास्त्रो यांचं म्हणणं, अजिबात नाही. ताबा मिळेना. ताबा घ्यायला आलेले सर अब्राहम शिपमन आपले सैनिक घेऊन कारवारजवळच्या अंजदीव बेटावर जाऊन राहिले. तिथे रोगराईने बहुतेक सैनिक दगावले, खुद्द शिपमनही वारले. एका वाक्यातली हद्द मोघम राहिली आणि तिची किंमत ज्यांनी ते वाक्य लिहिलं नव्हतं त्यांनी मोजली. हे लक्षात ठेवा, आपण शेवटी याच मुद्द्यावर परत येणार आहोत.

शिपमन यांचे चिटणीस हंफ्री कुक यांनी १६६५ च्या जानेवारीत पोर्तुगीजांच्या अटी मान्य करून करार केला आणि फेब्रुवारीत मुंबई बेटाचा ताबा घेतला. साष्टीवरचा दावा सोडावा लागला. पण पुढे कुक यांनी माहीमही घेतलं. माहीमच्या कसब्याला परळ, वडाळा, शीव अशी गावं जोडलेली होती. पोर्तुगीज म्हणाले, माहीम वेगळं बेट आहे, ते तहात नाही. कुक यांचं उत्तर मोठं मासलेवाईक आहे. ते म्हणाले, ओहोटीला मुंबईहून माहीमला चालत जाता येतं, म्हणजे दोन्ही एकच बेट!

व्हाइसरॉयनी आपल्या राजाला कळवलं त्याचा मथितार्थ असा: हा युक्तिवाद एकदा मान्य केला तर थांबायचं कुठे? ओहोटीला माहीमपलीकडे साष्टीत जाता येतं, साष्टीतून आणखी पुढे जाता येतं. मग उत्तरेचा सगळा मुलूखच 'मुंबई' ठरेल.

आता हे भांडण तर्कशास्त्राच्या काट्यावर ठेवून पाहू. दोन बेटांमधल्या पाण्याची खोली दिवसभर बदलते. पाणी कमरेइतकं किंवा त्याहून कमी असेल तर माणूस चालत जातो. इथवर दोघांचं एकमत आहे. मग वाद कशाचा? कुक म्हणत होते, दिवसातल्या एखाद्या तरी क्षणी चालत जाता आलं की बेट एक. म्हणजे पहाटे जाता येतं, किंवा सकाळी जाता येतं, किंवा दुपारी... अशी 'किंवा'ची माळ. त्यातलं एक विधान खरं ठरलं तरी पुरे. पोर्तुगीजांचं म्हणणं, एक बेट म्हणायचं तर नेहमी जाता आलं पाहिजे. पहाटे जाता येतं, आणि सकाळी जाता येतं, आणि दुपारी... ही 'आणि'ची माळ. त्यातलं एक विधान खोटं ठरलं की सगळं कोसळलं.

पाणी तेच, खोली तीच, समुद्र तोच. 'आणि' की 'किंवा' यावर शीव मुंबईत की मुंबईबाहेर हे ठरणार होतं. शेवटी निकाल तर्काने लागला नाही. ज्याचा ताबा त्याची जमीन, असाच लागला. १६६८ मध्ये चार्ल्सने ही बेटं वर्षाला दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला दिली. पुढे जेराल्ड ऑन्जिए गव्हर्नर असताना, १६६९ ते १६७७ या काळात, शिवेच्या टेकडीवर किल्ला उभा राहिला. आजही स्टेशनाच्या पूर्वेला त्याचे अवशेष आहेत. १७३७ मध्ये साष्टी मराठ्यांकडे आली आणि १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली. मग याच किल्ल्यासमोरच्या खाडीपलीकडे मराठी राज्य सुरू होऊ लागलं. कागदावर जी शीव लिहिली नव्हती ती दगडात बांधावी लागली.

तिथीची पाऊणपट

हे झालं राजेलोकांचं. पण याच पाण्याची मर्यादा त्यांच्या कितीतरी आधीपासून इथले कोळी मोजत होते. आज कोळीवाड्यातून समुद्र दिसत नाही. मधे भराव आले, रस्ते आले, रेल्वे आली, फाळणीनंतर निर्वासितांची छावणी वसली. हार्बर मार्गावरच्या कोळीवाडा स्टेशनाचं नावसुद्धा बदलून गुरू तेग बहादूर नगर झालं. पण भरतीचा एक हिशेब कोकणकिनाऱ्यावर सगळीकडे अजून सांगतात, तो तुमच्यापैकी अनेकांना पाठ असेल: तिथीची पाऊणपट करा, पूर्ण भरतीची वेळ मिळते.

म्हणजे असं. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन. पहाटे तीनला आणि दुपारी तीनला भरती. अष्टमीला आठाची पाऊणपट सहा. द्वादशीला नऊ. भरतीनंतर सुमारे सव्वासहा तासांनी ओहोटी. पंचांग हातात असलं की घड्याळावरची वेळ निघाली. हा ठोकताळा आहे हे खरं. पंधरा तिथींत भरती साधारण बारा तास पुढे सरकते, म्हणजे तिथीमागे ४८ मिनिटं. पाऊणपटीत आपण ४५ धरतो. पक्षाच्या शेवटी पाऊण तासाचा फरक पडतो आणि नव्या प्रतिपदेला हिशेब पुन्हा जागेवर येतो. तोंडी गणितासाठी यापेक्षा सोयीचं काय पाहिजे? अपोलो बंदरावर भरतीमापक यंत्राच्या नोंदी १८७८ पासून मिळतात. त्याआधीही होड्या वेळेवरच निघत होत्या.

आता यातूनच आपला विषय उभा करू. तिथीला 'त' म्हणू. पक्षातली तिथी, म्हणजे त हा १ ते १५ मधला पूर्णांक. सकाळची भरती = ३/४ × त.

पहिला प्रश्न. खाडीतली होडी भरतीच्या पाण्यावरच बाहेर निघते. समजा कोळ्याला सकाळी सहा ते नऊच्या दरम्यान भरती हवी आहे. कोणत्या तिथींना असं होईल?

६ ≤ ३/४ × त ≤ ९

ही संयुक्त असमानता. खरं म्हणजे ही दोन विधानं आहेत, 'आणि'ने जोडलेली: ६ ≤ ३/४ × त, आणि ३/४ × त ≤ ९. दोन्ही एकदम खरी व्हायला हवीत. सोडवताना जे करायचं ते तिन्ही ठिकाणी करायचं, एका बाजूला करून दुसरी विसरायची नाही. मुलं नेमकी इथे चुकतात. पाऊण काढून टाकायला ४/३ ने गुणू:

८ ≤ त ≤ १२

अष्टमी ते द्वादशी. पाच तिथी. आणि आता बघा, आम्ही ≤ लिहिलं, नुसतं < नाही. अगदी सहाला आणि अगदी नऊला भरती असली तरी चालेल, असं आपण धरलं. तसं धरलं नसतं तर अष्टमी गेली, द्वादशीही गेली. उरल्या नवमी, दशमी, एकादशी. एका आडव्या रेघेने पाचाच्या तीन तिथी झाल्या. ज्याची चूल मासळीवर पेटते त्याला विचारा, त्या रेघेची किंमत काय ते.

दुसरा प्रश्न. खडकावरची कालवं काढायला, चिखलात शिंपल्या वेचायला पाणी सुकलेलं हवं. सकाळी सात ते दहाच्या दरम्यान ओहोटी हवी असेल तर? ओहोटीची वेळ म्हणजे ३/४ × त + ६ १/४.

७ ≤ ३/४ × त + ६ १/४ ≤ १०

तिन्ही ठिकाणांतून सव्वासहा वजा करू. डावीकडे पाऊण उरतो, उजवीकडे पावणेचार:

३/४ ≤ ३/४ × त ≤ ३ ३/४

पुन्हा ४/३ ने गुणू: १ ≤ त ≤ ५. प्रतिपदा ते पंचमी. अमावास्या-पौर्णिमेनंतरचे हे दिवस. उधाणात पाणी जितकं चढतं तितकंच मागेही हटतं, म्हणून सकाळच्या वेळी लांबवर चिखल उघडा पडतो तो याच दिवसांत. गणिताने जे सांगितलं ते टोपली घेऊन जाणाऱ्या बाईला आधीच माहीत होतं. गणिताने फक्त 'का' ते सांगितलं.

तिसरा प्रश्न थोडा नाठाळ आहे. एकाला दुपारी बाराला परत यायचं आहे. भरतीला निघून बारापर्यंत हातात किमान तीन आणि कमाल सहा तास असावेत असं तो म्हणतो. हातातले तास म्हणजे १२ वजा भरतीची वेळ.

३ ≤ १२ − ३/४ × त ≤ ६

तिन्ही ठिकाणांतून १२ वजा करू:

−९ ≤ −३/४ × त ≤ −६

आता ऋण संख्येने गुणायचं, −४/३ ने. आणि इथे चिन्हं उलटतात:

१२ ≥ त ≥ ८

म्हणजे पुन्हा अष्टमी ते द्वादशी! आणि तेच यायला हवं होतं, कारण बाराच्या आधी तीन ते सहा तास म्हणजे सहा ते नऊच. पहिल्याने घड्याळ पुढून वाचलं, तिसऱ्याने मागून. वर्गात मुलांना नियम पाठ करायला लावतात, 'ऋण संख्येने गुणलं की चिन्ह उलटतं'. का उलटतं ते क्वचितच सांगतात. कारण साधं आहे: तिथी जितकी वाढेल तितकी भरती उशिरा, आणि भरती जितकी उशिरा तितके हातातले तास कमी. एक वाढलं की दुसरं घटतं. मग 'किमान तास' ही अट 'कमाल तिथी' होऊन बसते. ज्याने एकदा भरतीची वाट पाहिली आहे त्याला हे पाठ करावं लागत नाही.

आता 'किंवा'. उधाणाचे दिवस कोणते? ढोबळ मानाने धरू, अमावास्या-पौर्णिमेच्या आसपासचे: त ≤ ३ किंवा त ≥ १४. संख्यारेषेवर हे दोन तुकडे आहेत, मधे मोकळी जागा. इथे पुष्कळ जण हे एका ओळीत कोंबतात आणि लिहितात, १४ ≤ त ≤ ३. वाचून बघा: तिथी किमान चौदा आणि कमाल तीन. अशी तिथी कुठल्याच पंचांगात नाही. 'किंवा'च्या जागी 'आणि' आलं आणि उधाणच नाहीसं झालं. संचांच्या भाषेत सांगायचं तर संयोग संचाच्या जागी छेद संच घेतला आणि हातात रिक्त संच आला.

आणि 'आणि'ची ताकद बघायची असेल तर २६ जुलै २००५ आठवा. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस, आणि त्याच दुपारी मोठी भरती. नुसता पाऊस असता तर पाणी ओहोटीबरोबर वाहून गेलं असतं. नुसती भरती तर महिन्यातून कितीदा येते. दोन्ही अटी एकाच वेळी खऱ्या झाल्या तेव्हा शीव-कुर्ल्याच्या सखल भागात काय झालं ते इथे बसलेल्यांना सांगायला नको.

दोन भिंतींच्या मधलं ज्ञान

आता थोडं जगाकडे पाहू. शाळेत आपल्याला समीकरणं आवडतात, कारण त्यांना एक उत्तर असतं. लीलावतीतला भुंग्यांचा थवा मोजला की नेमकी संख्या निघते, जीव शांत होतो. असमानता एक उत्तर देत नाही, ती आवार आखून देते. म्हणून ती कमी प्रतीची वाटते. हा गैरसमज आहे.

वर्तुळाचा परीघ आणि व्यास यांचं गुणोत्तर घ्या. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात आर्किमिडीजने वर्तुळाच्या आत आणि बाहेर ९६ बाजूंच्या बहुभुजाकृती आखून दाखवलं की हे गुणोत्तर ३ १/७ पेक्षा कमी आणि ३ १०/७१ पेक्षा जास्त आहे. नेमकं किती, हे त्याने सांगितलंच नाही. पण याच्या बाहेर ते जाऊच शकत नाही, हे सिद्ध केलं. आपल्याकडे आर्यभटाने इसवी सन ४९९ मध्ये २०,००० व्यासाला ६२,८३२ परीघ दिला, म्हणजे ३.१४१६, आणि सोबत 'आसन्न' हा शब्द ठेवला. आसन्न म्हणजे जवळचं. हेही प्रामाणिकपणाचं मोठं उदाहरण आहे. आमच्या मते दोघांच्या वृत्तीत एक फरक आहे. आर्यभट म्हणतो, मी जवळ पोहोचलो आहे. आर्किमिडीज म्हणतो, ते या दोन भिंतींच्या मधे आहे. पहिल्याचा आकडा अधिक सरस आहे, दुसऱ्याने आपल्या अज्ञानाला कुंपण घातलं आहे. 'मला नेमकं माहीत नाही, पण इथून इथपर्यंतच' असं म्हणता येणं हेही ज्ञानच. तत्त्वज्ञानात ही गोष्ट पटवायला आम्हाला कित्येक तास घ्यावे लागत. संख्यारेषेवर ती एका मिनिटात दिसते.

गंमत म्हणजे ही सगळी मंडळी असमानता शब्दांत लिहीत होती. < आणि > ही चिन्हं आली ती इंग्रज गणिती थॉमस हॅरियट यांच्या पुस्तकातून. ते छापलं गेलं १६३१ मध्ये, हॅरियट यांच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी. आणि 'पेक्षा लहान किंवा तेवढंच' याचं चिन्ह, खालच्या रेघेसकट, फ्रान्सच्या पिएर बूगेर यांनी १७३४ मध्ये वापरलं. म्हणजे मधे शंभराहून अधिक वर्षं गेली. हद्दीच्या अलीकडे काय आणि पलीकडे काय, हे लिहायची खूण आधी सापडली. खुद्द हद्दीवर जो उभा आहे त्याचं काय करायचं, हे लिहायची खूण शतकभराने आली. माणसांच्या व्यवहारातही हाच क्रम दिसतो. शिवेवरच्या माणसाचा विचार सगळ्यांत शेवटी होतो.

पर्यंत म्हणजे कुठपर्यंत

तो विचार झाला नाही तर काय होतं, याची एक आठवण सांगतो. ही आमच्या चुकीची आठवण आहे.

आम्ही नोकरीत असतानाची गोष्ट. संस्थेचं नाव घेत नाही, त्याचा उपयोग नाही. एका शिष्यवृत्तीसाठी अर्ज मागवले होते. सूचनेत लिहिलं होतं, 'वय १८ ते २५'. एक मुलगा आला. आई बाजारात मासळी विकणारी, घरातला तो पहिलाच पदवीधर. अर्जाच्या शेवटच्या तारखेलाच त्याला पंचवीस पूर्ण झाली होती. कार्यालयातले गृहस्थ म्हणाले, पंचवीस पूर्ण झाली म्हणजे सव्विसावं लागलं, तू बाहेर. मुलगा म्हणाला, सूचनेत पंचवीस लिहिलंय आणि मी आज पंचवीस आहे. दोघांचंही बरोबर होतं! वाक्यच असं लिहिलं होतं की त्यात १८ ≤ व ≤ २५ ही मावतं आणि १८ ≤ व < २५ ही मावतं.

अर्ज आमच्या समितीपुढे आला. तिथे तर्कशास्त्र शिकवणारे आम्ही एकटेच होतो. 'संदिग्ध नियमाचा फायदा अर्जदाराला मिळाला पाहिजे' एवढं एक वाक्य बोलायचं होतं. आम्ही बोललो नाही. पुढची यादी मोठी होती, चहा आला होता, आणि मनात म्हटलं की नियम म्हणजे नियम. पण तो नियम नव्हताच, अर्धा नियम होता. उरलेला अर्धा त्या कार्यालयातल्या गृहस्थांनी आपल्या सोयीने भरला आणि आम्ही मान डोलावली. तो मुलगा पुढे काय करतो, आम्हाला कळलं नाही. आम्ही विचारलंही नाही.

हे एका शिष्यवृत्तीपुरतं असतं तर विसरूनही गेलो असतो. पण या शहरात घर मिळणं न मिळणं अशाच वाक्यांवर उभं आहे. झोपडपट्टी पुनर्वसनाच्या पात्रतेची तारीख घ्या. आधी १ जानेवारी १९९५ होती, मग १ जानेवारी २००० झाली. त्यानंतर २००० ते २०११ अशी आणखी एक पायरी आली. आज रेषेवर मांडलं तर तीन तुकडे दिसतात. झोपडी उभी राहिली ती तारीख 'द' धरू:

द ≤ १ जानेवारी २०००: पुनर्वसनाचं घर मोफत.
१ जानेवारी २००० < द ≤ १ जानेवारी २०११: घर मिळेल, पण पैसे भरून.
द > १ जानेवारी २०११: संरक्षण नाही.

गणित म्हणून ही मांडणी निर्दोष आहे. तुकडे एकमेकांवर चढत नाहीत, मधे फट नाही, प्रत्येक शिवेवरची तारीख कोणत्या बाजूला ते सांगितलेलं आहे. मग अडतं कुठे? अडतं 'द' मध्ये. भिंत एका वर्षी उभी राहिली, पत्रा दुसऱ्या वर्षी आला, वीजबिल तिसऱ्या वर्षीचं, मतदार यादीत नाव चौथ्या वर्षी. आर्किमिडीजच्या भाषेत, त्या कुटुंबाकडे 'द'ची एक किंमत नाही, दोन भिंतींच्या मधलं अंतर आहे. ते संपूर्ण अंतर शिवेच्या एकाच बाजूला पडलं तर प्रश्न नाही. पण समजा कागदपत्रांवरून एवढंच ठरतं की झोपडी १९९८ ते २००१ च्या मधली आहे. मग शीव त्याच्या पोटातून जाते. अशा वेळी पुरावा कोणी द्यायचा? संशय कोणाच्या बाजूने धरायचा? हे असमानता सांगत नाही, ते माणसांनाच ठरवावं लागतं. ते ठरवून, लिहून ठेवलं नसेल तर काय होतं, हे आपण अंजदीवला पाहिलं आणि आमच्या समितीतही पाहिलं.

कोळीवाड्यांचा प्रश्नही यापासून लांब नाही. मुंबईतल्या कोळीवाड्यांचं सीमांकन करा, त्यांच्या शिवा नकाशावर आखा, ही मागणी वर्षानुवर्षं चालू आहे. कोळीवाड्याची वस्ती कुठे संपते आणि झोपडपट्टी कुठे सुरू होते, जाळी सुकवायची, होड्या ओढून ठेवायची मोकळी जागा गावात धरायची की गावाबाहेर, यावर कोणाला कोणता कायदा लागतो ते ठरतं. नुसती घरं मोजली आणि वाळवणीची जागा सोडली तर तो 'आणि'चा घोटाळा आहे: घर आहे आणि रोज वापरात आहे, तेवढंच गाव. घर किंवा जाळी किंवा होडी, जिथे कोळ्याचं काम चालतं ते सगळं गाव, असं म्हटलं तर नकाशा वेगळा निघतो. कोणता बरोबर, हे सांगायला आम्ही आलेलो नाही. पण कोणता शब्द वापरला हे दोन्ही बाजूंना आधी कळलं पाहिजे, एवढं आम्ही नक्की म्हणू.

वेळ होत आली. विद्यार्थी मित्रांसाठी थोडक्यात सांगतो. संयुक्त असमानता समोर आली की तीन गोष्टी विचारा. जोडणारा शब्द 'आणि' आहे की 'किंवा'? टोकाची संख्या आत आहे की बाहेर? आणि सोडवताना कुठे ऋण संख्येने गुणलं किंवा भागलं का? पहिले दोन प्रश्न फक्त वहीपुरते नाहीत. सरकारी सूचना, संस्थेचे नियम, घराचा करार, जिथे 'पासून' आणि 'पर्यंत' दिसेल तिथे ते विचारा. कोणी म्हणेल, किस काढतो आहे. काढू द्या. आम्ही एकदा काढला नाही, त्याची बोच इतक्या वर्षांनीही गेलेली नाही.

आज घरी जाताना पंचांगात तिथी बघा, पाऊणपट करा, आणि उद्याची भरती किती वाजता ते काढा. जमलं तर माहीमच्या किंवा शिवडीच्या किनाऱ्यावर जाऊन ताडून बघा. पाऊण तास इकडे-तिकडे झाला तर रागावू नका, तेवढी मर्यादा आपण आधीच सांगितलेली आहे.

आता प्रश्न घेऊ.